नळी नेमकी कुठे अडली?

वाचकाचं पत्र, थोडक्यात:

एक मेडिकल कोडर ताई (डॉक्टरांच्या नोंदी वाचून आजार आणि उपचारांना क्लेमसाठी ठरलेले कोड देणं हे त्यांचं काम) तीन वर्षं अमेरिकन रुग्णालयांचे आउटपेशंट, म्हणजे दाखल न झालेल्या रुग्णांचे, चार्ट कोड करत आहेत. चार महिन्यांपूर्वी त्यांना नेफ्रॉलॉजी (मूत्रपिंडविकार) आणि व्हॅस्क्युलर अ‍ॅक्सेसच्या (डायलिसिससाठी रक्तवाहिनीत केलेल्या वाटेच्या) प्रोजेक्टवर टाकलं, तेव्हापासून त्यांची क्वालिटी (तपासणीत बरोबर ठरलेल्या कोडांचं प्रमाण) ९५ टक्क्यांच्या वर गेलेली नाही. बहुतेक एरर एकाच जागी आहेत: डायलिसिस कॅथेटरच्या, म्हणजे रक्त मशीनकडे नेऊन परत आणणाऱ्या नळीच्या, यांत्रिक बिघाडाचे कोड. नोटमध्ये ‘कॅथेटर मालफंक्शन’ दिसलं की त्या टी८२.४१ देत. कोड तपासणाऱ्या ऑडिटरने ते कापून टी८२.४९ केलं. टीम लीडने तोंडी सांगितलं, ‘सगळ्यांना ४९ लाव आणि विषय संपव.’ तसं केल्यावर दुसऱ्या ऑडिटरने विचारलं, ‘४२ का नाही?’ शिवाय कोडाच्या सातव्या अक्षरावरून वेगळे एरर. ताई लिहितात, ‘क्वेरी (डॉक्टरला लेखी विचारणा) टाकली तर चार्ट पेंडिंग राहतो, प्रॉडक्शन पडतं आणि आपल्याला काही येत नाही असं दिसतं. लीडचं ऐकू की ऑडिटरचं? की ही स्पेशॅलिटीच सोडून देऊ?’

उत्तर:

ताई, तुमचं पत्र दोनदा वाचलं. पहिल्या वाचनात वाटलं, हा लीड विरुद्ध ऑडिटर असा नेहमीचाच सामना आहे. दुसऱ्यांदा वाचताना एक गोष्ट खटकली. तुम्ही पाच चार्टची हकिगत लिहिली आहे. कोणता कोड दिला, कोणी कापला, किती मार्क गेले, हे पाचही ठिकाणी तपशीलवार आहे. कॅथेटरला झालं काय होतं, हे मात्र स्पष्टपणे एकाच ठिकाणी आहे. म्हणजे तुम्ही तिघं-चौघं ‘मालफंक्शन’ या एका शब्दावर हुज्जत घालताय आणि नळीकडे कुणाचंच लक्ष नाही.

(मुख्य विषयाआधी एक. नावं आणि तारखा काढून लिहिलंत हे बरं केलंत. पण नोटमधली वाक्यं जशीच्या तशी बाहेर पाठवू नका, मलासुद्धा. हिपा हा रुग्णांच्या माहितीच्या गोपनीयतेचा अमेरिकन कायदा १९९६ चा असला तरी आजही तो चार्ट हाताळणाऱ्या प्रत्येकाला लागू आहे.)

आधी तुमच्या बाजूचं बोलते. टी८२.४१ तुम्ही हवेतून काढलेला नाही. आयसीडी-१०-सीएम, म्हणजे आजारांच्या कोडांचं अमेरिकन पुस्तक, त्याच्या इंडेक्समध्ये ‘मालफंक्शन’ उघडा, त्याखाली कॅथेटर, त्याखाली डायलिसिस. समोर टी८२.४१ लिहिलेलं आहे. त्यामुळे डॉक्टरने ‘डायलिसिस कॅथेटर मालफंक्शन’ एवढंच लिहून हात झटकले असतील आणि अख्ख्या चार्टमध्ये कारणाचा मागमूस नसेल, तर ४१ देणाऱ्या कोडरला एरर देणं मला पटत नाही. ४९ हवा असं म्हणणाऱ्या ऑडिटरने तो कोणत्या ओळीवरून हवा, ते दाखवायला हवं.

पण इंडेक्स आपल्याला दारापर्यंत सोडतो, आत जायचं ते टॅब्युलर, म्हणजे कोडांची क्रमवार यादी, वाचून. टॅब्युलरमध्ये ४१ चं नाव आहे यांत्रिक ब्रेकडाउन, म्हणजे वस्तूच मोडली, फाटली, निकामी झाली. पहिल्या पानावर ‘मालफंक्शन’ आणि तिसऱ्या पानावर ‘टोक वर सरकलेलं आढळलं’ असं असताना तुम्ही पहिल्या पानावरच थांबलात, तर तो एरर ऑडिटरचा नाही. पत्रात ज्या एका चार्टचं कारण तुम्ही दिलं आहे, तिथे नेमकं हेच झालंय.

लीड ‘सगळ्यांना एकच लाव’ का म्हणतात, याचा मला एक अंदाज आहे. १ ऑक्टोबर २०१५ च्या आधी आयसीडी-९-सीएम ही जुनी आवृत्ती चालायची. त्यात या सगळ्याला ९९६.१ हा एकच कोड होता. कॅथेटर तुटो, सरको, गळो, नाहीतर फिस्टुला (डायलिसिससाठी जोडलेली धमनी आणि शीर) बिघडो, सगळं त्याच एका डब्यात. त्या काळात हात बसलेल्या माणसाला ‘एकच लाव’ सुचणं साहजिक आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्येही गाडी टी८२.४ वर थांबते. ४१, ४२, ४३, ४९ हे तुकडे अमेरिकन आवृत्तीने पाडले. पाडलेत ते वापरण्यासाठी. सगळं ४९ मध्ये ओतायचं असेल तर आपण गुपचूप पुन्हा ९९६.१ वर जातोय, एवढं लीडने ओळखायला हवं.

आता नळीकडे येऊ. मला हे कोड खऱ्या अर्थाने कळले ते पुस्तकातून नव्हे. बऱ्याच वर्षांपूर्वी एका डायलिसिस नर्सने मुदत संपलेला, न वापरलेला टनेल्ड कॅथेटर माझ्या हातात दिला आणि म्हणाली, ‘आधी हा बघ, मग काय ते कोड लाव.’ करंगळीहून बारीक, मऊ नळी. आत दोन वेगळे मार्ग. बाहेरच्या टोकाला ती दोन फाट्यांत फुटते: एकावर लाल क्लॅम्प, दुसऱ्यावर निळा. लाल फाट्यातून रक्त मशीनकडे जातं, निळ्यातून परत येतं. फाटे जिथे जुळतात तो हब. नळीवर एका जागी फेल्टसारखी खरखरीत पट्टी असते, तिला कफ म्हणतात. हा कफ त्वचेखालच्या बोगद्यात राहतो. काही आठवड्यांत आजूबाजूचं ऊतक त्यात घुसतं, त्याला घट्ट धरतं आणि मग नळी सहज हलत नाही. आतलं टोक बहुधा मानेतल्या मोठ्या शिरेतून उतरून हृदयाच्या उजव्या वरच्या कप्प्यापाशी पोहोचलेलं असतं.

एवढं डोळ्यासमोर आलं की प्रत्येक चार्टला विचारायचा प्रश्न सोपा होतो: या नळीवर बिघाड कुठे झाला?

हबला चीर गेली, फाटा फुटला, नळी तुटली, तर वस्तू मोडली. ४१.

रुग्णाने झोपेत ओढली, कफ जागचा सुटला, टोक वर सरकलं किंवा कॅथेटर सगळाच बाहेर आला, तर जागा बदलली. ४२. बसवतानाच टोक चुकीच्या जागी गेलं असेल तर तेही इथेच, कारण मालपोझिशन हा शब्द या कोडाखाली आहे.

नळीतून किंवा जोडावरून रक्त, सलाईन पाझरतंय. ४३. इथे एक सापळा आहे. कॅथेटर जिथून त्वचेबाहेर येतो त्या छिद्राभोवती रक्त येतंय आणि नळी धडधाकट आहे, तर ती कॅथेटरची गळती नव्हे. तो रक्तस्राव. डॉक्टरने त्याचा संबंध कॅथेटरशी जोडला असेल तर टी८२.८३८ कडे बघायचं. नोटमध्ये दोन्हीकडे ‘ब्लीडिंग’ असाच शब्द दिसेल, म्हणून त्याच्या मागेपुढे वाचा. आणि चिरलेल्या हबमधून गळत असेल तर? मोडणं आणि गळणं दोन्ही नीट नोंदलेलं असेल, तर ४१ दिला म्हणून ४३ आपोआप बाद होत नाही.

राहिला ४९. याच्या पोटात तीन गोष्टी नावानिशी दिल्या आहेत: यांत्रिक अडथळा, भोक पडणं आणि बाहेर डोकावणं. नळीला पीळ बसून प्रवाह अडला, तर इथे. लीडच्या मनात ४९ म्हणजे ‘इतर, किरकोळ, काहीही’ असं बसलेलं दिसतं. तसं ते नाही. त्यालाही स्वतःची माणसं आहेत.

आणि इथेच तुमच्या दुसऱ्या ऑडिटरचा प्रश्न येतो. तुमच्या एका चार्टमध्ये कफ बोगद्यातून बाहेर आलेला दिसतोय. हे सरकणं म्हणायचं (४२), की बाहेर डोकावणं (४९)? खरं सांगू, कोडरने हे ठरवायचंच नाही. डॉक्टरने ‘डिस्प्लेस्ड’, ‘डिसलॉज्ड’, ‘ओढला गेला’ असं लिहिलं असेल तर ४२. ‘प्रोट्रूजन’ लिहिलं असेल तर ४९. नुसतंच ‘कफ दिसतोय, कॅथेटर बदलला’ असेल, तर ही क्वेरीची जागा आहे. या चार्टवर तुमचे दोन ऑडिटर एकमेकांशी भांडले तरी दोघंही अंदाजच करत असतील.

सर्वात जास्त गोंधळ गुठळीचा. कॅथेटरमध्ये रक्त गोठलं की प्रवाह अडतो, मग तो ‘यांत्रिक अडथळा’च नाही का? व्यवहारात आहे. वर्गीकरणात मात्र व्हॅस्क्युलर उपकरणामुळे झालेल्या थ्रॉम्बोसिसला स्वतःचं घर आहे, टी८२.८६८. डॉक्टरने ‘थ्रॉम्बोसिस’, ‘थ्रॉम्बोस्ड कॅथेटर’ लिहिलं की तिकडे जायचं. ‘अडलेला कॅथेटर’ लिहिलं आणि गुठळीचं नावही नाही, तर ४९. फायब्रिन शीथ, म्हणजे नळीभोवती चढलेलं ते पांढरं आवरण, याबद्दल तर घरगुती नियम मुळीच बनवू नका. डॉक्टरने त्याला अडथळा म्हटलंय का, गुठळी म्हटलंय का, की चित्रात दिसलं एवढंच नोंदलंय, ते बघा. स्पष्ट नसेल तर विचारा.

‘फ्लो कमी’ या दोन शब्दांबद्दलही सांगते, कारण तुमच्या एका चार्टमध्ये तेवढ्यावरून कोड दिलाय. फ्लो कमी होणं ही तक्रार आहे. केडॉकी या अमेरिकन मूत्रपिंडविकार मार्गदर्शक तत्त्वांच्या २००६ च्या आवृत्तीत मिनिटाला ३०० मिलिलीटरखाली प्रवाह म्हणजे बिघाड, असा आकडा होता. २०१९ च्या सुधारित आवृत्तीत भर त्या आकड्यावरून हलला आणि ठरवून दिलेलं डायलिसिस या प्रवाहात पुरेसं होतंय का, यावर आला. डॉक्टर मंडळींनीच आकडा मागे टाकलाय, तिथे कोडरने फ्लोशीटवरचा २४० बघून निदान लिहायला बसू नये. रुग्णाने कूस बदलली की कधी कधी फ्लो सुधारतो, नर्स लाल-निळ्या लाइन उलट जोडून सत्र पार पाडते. तेवढ्याने कॅथेटर मोडला असं होत नाही.

शेजारच्या घरांची ओळख पटकन करून घेऊ. पोटातला, म्हणजे पेरिटोनियल डायलिसिसचा कॅथेटर असेल तर टी८२.४ पूर्ण बाद. तशी वगळण्याची टीपच तिथे आहे, आणि त्याचे यांत्रिक बिघाड टी८५.६ मध्ये जातात: मोडला तर टी८५.६११, सरकला तर टी८५.६२१, गळला तर टी८५.६३१. शस्त्रक्रियेने केलेला फिस्टुला किंवा शंट असेल तर टी८२.५. संसर्ग असेल तर टी८२.४ चा संबंधच संपला. आणि काहीही बिघडलेलं नाही, फिस्टुला तयार झाला म्हणून कॅथेटर काढायला रुग्ण आलाय, तर झेड४९.०१. हा शेवटचा चार्ट मी मुद्दाम सांगतेय. ‘कॅथेटर रिमूव्हल’ दिसलं की टी८२ लावणारे कोडर मी कमी पाहिलेले नाहीत. त्यात बिचाऱ्या रुग्णाच्या खात्यावर न झालेली गुंतागुंत चढते.

गुंतागुंत हा शब्द निघालाच आहे तर तुमच्या एका समजुतीबद्दल बोलू. तुम्ही लिहिता, ‘डॉक्टर कॉम्प्लिकेशन असं लिहीतच नाहीत, मग टी८२ द्यायचा की नाही हेच कळत नाही.’ अधिकृत मार्गदर्शक तत्त्वं याबाबत तुमच्या बाजूने आहेत. तो शब्द नोटमध्ये असायलाच हवा, अशी अट नाही. हवा तो संबंध: ही अडचण या उपकरणामुळे किंवा उपचारामुळे आली आणि तिची दखल घ्यावी लागली, हे नोंदीतून दिसलं पाहिजे. ‘कॅथेटर सरकल्यामुळे आज डायलिसिस होऊ शकलं नाही, नवीन बसवला’ या एका वाक्यात सगळं आलं. ‘कॅथेटर आहे, रुग्णाला ताप आहे’ यात काहीच आलं नाही.

आता सातवं अक्षर. पाचपैकी तीन चार्टवर तुमचे मार्क यात गेलेत, आणि कारण एकच आहे: ‘इनिशियल’ या शब्दाने तुम्हाला फसवलंय. तुम्ही ए म्हणजे पहिली भेट आणि डी म्हणजे नंतरच्या भेटी असं धरलंय. रुग्ण त्याच कॅथेटरसाठी महिन्यात दुसऱ्यांदा आला म्हणून तुम्ही डी दिला. ए चा अर्थ आहे सक्रिय उपचार चालू आहेत. भेट कितवी, याच्याशी त्याचं देणंघेणं नाही. मार्गदर्शक तत्त्वांमध्ये गुंतागुंतीच्या कोडांबद्दल हे वेगळं स्पष्ट केलंय, आणि उदाहरण कृत्रिम सांध्याच्या संसर्गाचं दिलंय: सांधा आधीच्या भेटीत बसवलेला असला तरी आज संसर्गावर उपचार होतोय म्हणून ए. तेच इथे लावा. कॅथेटर मार्चमध्ये बसवला, जूनमध्ये सरकला, जूनमध्ये बदलला: टी८२.४२एक्सए. जुलैमध्ये नवा कॅथेटरही सरकला, पुन्हा बदलला: पुन्हा एक्सए. बदलल्यानंतर जखम नीट आहे ना एवढं बघायला रुग्ण आला, तर डी. आणि बदललेला कॅथेटर सुरळीत चालतोय, रुग्ण नेहमीच्या डायलिसिसला आलाय, तर जुना बिघाड उगाच उकरून काढू नका.

(त्या मधल्या एक्सबद्दल एवढंच: टी८२.४२ मध्ये पाचच जागा भरतात. सातवं अक्षर सातव्याच जागी बसायला हवं म्हणून सहावी जागा एक्सने भरायची. टी८२.४२ए लिहिलं तर क्लेम तिथेच परत येईल.)

सोबतच्या कोडांचं फार लांबवत नाही. मूत्रपिंडाचा अंतिम टप्प्यातला आजार असेल तर एन१८.६, आणि तिथेच टीप आहे की डायलिसिसवर असल्याचा झेड९९.२ जोडा. रक्तदाबही असेल तर आय१२.० आधी येतो, कारण रक्तदाब आणि जुनाट मूत्रपिंड विकार यांचा संबंध वर्गीकरण गृहीतच धरतं. क्रमाबाबत मात्र डोकं चालवावं लागतं. कॅथेटर दुरुस्तीलाच रुग्ण आला असेल तर टी८२ आधी. पण कॅथेटर चालेना, दोन सत्रं बुडाली, अंगात पाणी साचून दम लागला म्हणून इमर्जन्सीतून दाखल झाला, तर दाखल करण्याचं कारण काय ठरलं ते नोंदीतून काढायला हवं. इनपेशंट चार्टमध्ये या एका निर्णयावर डीआरजी, म्हणजे रुग्णालयाला किती पैसे मिळणार ते ठरवणारा गट, बदलू शकतो. म्हणून तिथे घाई नको.

चार्टमध्ये कारण सापडत नाही असं तुम्ही म्हणता. मी विचारते, प्रोसिजर नोट पूर्ण वाचता का? निदानाची ओळ डॉक्टर घाईत लिहितात. काय केलं ते मात्र सविस्तर लिहितात, कारण त्याचे पैसे मिळतात. कॅथेटरच्या पोकळीत अल्टेप्लेस हे गुठळी विरघळवणारं औषध सोडून वाट पाहिली असेल तर सीपीटी (उपचारांचा कोड) ३६५९३, म्हणजे गुठळीचा संशय तरी होता. फ्लोरोस्कोपीखाली (चालत्या एक्स-रेखाली) टोक जागेवर आणलं असेल तर ३६५९७, म्हणजे ते सरकलं होतं. नळीची दुरुस्ती केली असेल तर ३६५७५. नळीभोवतीचं आवरण वेगळ्या शिरेतून जाऊन काढलं तर ३६५९५, नळीच्या आतला मळ काढला तर ३६५९६. निदानाचा कोड प्रोसिजरवरून द्यायचा नाही, हे तुम्हाला माहीत आहेच. पण उपचार आणि निदान यांचा मेळ बसत नसेल तर कुठे खोदायचं ते यावरून कळतं. टोक जागेवर आणलं आणि निदान ‘ब्रेकडाउन’, असा चार्ट माझ्या हाती आला तर मी तो पुढे जाऊ देणार नाही.

याच ओघात आणखी एक नेहमीची चूक. टनेल्ड कॅथेटर त्याच शिरेच्या वाटेने, तारेवरून बदलला तर ते एकच काम आहे, ३६५८१. काढल्याचा ३६५८९ आणि बसवल्याचा ३६५५८ असे दोन वेगळे लावायचे नाहीत. जुना एका जागेहून काढला आणि नवा वेगळ्या शिरेतून बसवला, तरच दोन.

आता क्वेरी. ‘आपल्याला काही येत नाही असं दिसतं’ हे वाक्य वाचून वाईट वाटलं, कारण मीही कधीकाळी असंच मानत होते. माझं मत बदललं ते स्वतः ऑडिटला बसल्यावर. समोर दोन कोडर असायचे. एकाची एकही क्वेरी नाही आणि कोड सगळे ठाम. दुसऱ्याच्या मोजक्या क्वेरी, नेमक्या अडलेल्या जागी. मी पहिल्याचे चार्ट जास्त बारकाईने तपासायचे.

क्वेरी कशी लिहायची, याचे नियम अहिमा आणि एसीडीआयएस या व्यावसायिक संघटनांनी मिळून घालून दिलेत, २०२२ मध्ये ते सुधारलेत. सार असं की डॉक्टरच्या तोंडी उत्तर घालायचं नाही, पैशांचा उल्लेख करायचा नाही, आणि चार्टमधली वस्तुस्थिती समोर ठेवून विचारायचं. तुमच्या कफवाल्या चार्टसाठी ती साधारण अशी होईल, अर्थात जाईल इंग्रजीत:

‘प्रोसिजर नोटमध्ये कॅथेटरचा कफ एक्झिट साइटबाहेर दिसत असल्याची आणि कॅथेटर बदलल्याची नोंद आहे. निदानात कॅथेटर मालफंक्शन असं आहे. आपल्या वैद्यकीय मतानुसार मालफंक्शनचं स्वरूप कृपया स्पष्ट करावं: कॅथेटर जागचा सरकणे, कॅथेटर बाहेर डोकावणे, कॅथेटर मोडणे, अन्य (कृपया लिहा), सांगता येत नाही.’

एवढंच. शेवटचे दोन पर्याय गाळू नका, क्वेरी प्रामाणिक आहे हे त्यांच्यावरून ठरतं. ‘हा कॅथेटर सरकला होता ना?’ असं विचारलंत तर उत्तर लवकर येईल, पण ते टिकणार नाही.

प्रॉडक्शनची भीती खोटी आहे असं मी म्हणणार नाही. चार्ट पेंडिंग पडला की त्या दिवसाचा आकडा पडतोच. पण सगळ्याच चार्टना क्वेरी लागत नाही. ज्या पाच चार्टबद्दल तुम्ही लिहिलंत त्यात माझ्या मते एकालाच लागली असती, कफवाल्याला. बाकीच्यांपैकी बहुतेकांत दोन पानं पुढे जाऊन वाचलं असतं तर भागलं असतं. आणि एकाच डॉक्टरची तीच ती अर्धवट ओळ पुन्हा पुन्हा येत असेल, तर दर वेळी वेगळी क्वेरी टाकण्यापेक्षा लीडमार्फत एकदाच त्या क्लिनिकला कळवा: ‘मालफंक्शन’च्या पुढे कारण लिहा.

उरला तुमचा मूळ प्रश्न: लीड की ऑडिटर. दोघांपैकी एकाला निवडायचं हेच मला मान्य नाही, पण ऑफिसात रोज उठून तत्त्वज्ञान सांगता येत नाही हेही कळतं. लीडचं ऐकलंत तर काही दिवस शांतता मिळेल. मग कधीतरी क्लायंटचं ऑडिट येईल, त्यात शंभरपैकी शंभर कॅथेटर ‘इतर’ बिघाडाचे निघतील, आणि तोंडी सूचनेचा पुरावा तुमच्याकडे नसेल. चार्टवर आयडी तुमचा आहे. उलट, प्रत्येक एररवर ऑडिटरशी भांडलात तर खऱ्या मुद्द्याची धार जाईल.

म्हणून माझं सुचवणं असं. लीडला मेल करा, तक्रारीच्या सुरात नको. ‘कॅथेटरच्या यांत्रिक बिघाडासाठी आपण कोणता नियम पाळायचा, तेवढं लेखी मिळेल का? मला इंडेक्स आणि टॅब्युलरमध्ये असं दिसतंय’ आणि खाली ४१ ते ४९ चा तो पट मांडा. लेखी मागितलं की ‘सगळ्यांना ४९’ बहुधा कोणी लिहून देत नाही. दिलंच, तर ते कम्प्लायन्सकडे, म्हणजे नियमपालन बघणाऱ्या विभागाकडे, नेण्याजोगं आहे, आणि अहिमाची नैतिक कोडिंगची मानकं तुमच्या बाजूने आहेत. दोन ऑडिटरची मतं वेगळी आहेत, हेही त्याच मेलमध्ये चार्ट क्रमांक देऊन नोंदवा. त्यांच्यातला वाद मिटवणं हे तुमचं काम नाही. टीममधले बाकीचेही याच खड्ड्यात पडत असणार, त्यामुळे त्यांनाही त्या उत्तराचा उपयोग होईल.

स्पेशॅलिटी सोडायचा विचार सध्या तरी बाजूला ठेवा. चार महिने म्हणजे काहीच नाही. मला त्या नर्सने नळी हातात देईपर्यंत दीड वर्ष लागलं होतं. तुम्हाला नळी मिळणं कठीण असेल, पण उत्पादक कंपन्यांची चित्रं आणि बसवण्याचे व्हिडिओ सहज मिळतात. एक संध्याकाळ त्यावर घालवा, मग प्रोसिजर नोट वाचताना ‘हब’, ‘कफ’, ‘टिप’ हे नुसते शब्द राहणार नाहीत. कोड दर १ ऑक्टोबरला बदलतात आणि हल्ली एप्रिलमध्येही भर पडते. म्हणून मी वर दिलेलं सगळं चालू वर्षाच्या पुस्तकाशी ताडून मगच वापरा.

आणि रिबटल (एररला लेखी हरकत) जरूर टाका, ज्या चार्टमध्ये ‘मालफंक्शन’शिवाय खरंच काही नव्हतं तिथल्या ४१ साठी. इंडेक्समधली ती ओळ जोडा. सातव्या अक्षराचे तीन एरर मात्र त्यात घालू नका, ते ऑडिटरने बरोबर पकडलेत.